डोळ्यांनी पाहिलेले कसे सांगावे

साहित्य : चमचा, वाटीभर दूध, गणपती आणि आमचे जिभाऊ. गणपती कोणताही चालेल. जिभाऊ चोपड्याचेच हवेत.

सुरुवात "मन्हा डोयाघाई दखं!" अशी करावी. त्यानंतर पुरावा मागणारा उर्मट ठरतो.

मग सण लावावा. जिभाऊंच्या हकिकतीत मांडवात गणपती बसलेले असतात, ढोल वाजत असतो. गणपती दूध प्यायला तो दिवस २१ सप्टेंबर १९९५, गुरुवार. विसर्जन केव्हाच उरकलेले, पितृपक्ष चालू. पितरांच्या खिरीचे दूध त्या दिवशी देवळाकडे वळले असणार! पण आठवण मांडववाल्याच्या जातीची. मोकळी जागा दिसली की बांबू ठोकते.

बातमी कशी कळली, तेही सांगावे. जिभाऊंना मोबाईलवर कळली. १९९५ साली, चोपड्यात! कलकत्त्यातून देशातला पहिला मोबाईल कॉल होऊन दोन महिनेही झाले नव्हते. ऑगस्ट २००६ मध्ये हीच अफवा पुन्हा उठली. तेव्हाचा फोन त्यांनी अकरा वर्षे मागे नेऊन ठेवला.

सर्वांत महत्त्वाचे : चमच्याकडे बघावे, चमच्याखाली बघू नये. काठोकाठ भरलेला चमचा सोंडेला टेकवून जरासा कलता केला, की पृष्ठताणामुळे दूध दगडाकडे ओढले जाते आणि पातळ थराने खाली उतरते. पांढऱ्या संगमरवरावर पांढरे दूध दिसणार कोणाला? सरकारी शास्त्रज्ञांनी दुधात रंग घातला, तेव्हा मूर्तीवरून उतरलेला ओघळ दिसला. हा प्रयोग मी जिभाऊंना घरी करून दाखवला. त्यांनी शांतपणे पाहिला आणि म्हणाले, "तो दिन येगळा व्हता."

चुका काढणाऱ्याला शेवभाजी वाढावी. तिखटाने त्याचे तोंड आपोआप बंद होते. मी अनुभवाने सांगतो.

शेवटचा नियम साक्षीदाराचा, तो मला अडचणीचा आहे. मलाही तो चमचा आठवतो. स्टीलचा, दांड्यावर आजीचे नाव कोरलेला. देवळाबाहेरची रांग, चपलांचा ढीग, मी जिभाऊंच्या कडेवर. आई म्हणते, त्या आठवड्यात तुला गोवर होता, तू उंबऱ्याबाहेर पाऊल टाकले नाहीस. मी आईला म्हटले, तुझी काहीतरी गल्लत होतेय. मग जिभाऊंना विचारले.

"व्हता ना तू. मन्हा कडेवर."

एवढ्या एका बाबतीत मी त्यांची साक्ष ग्राह्य धरली आहे.