मुलासारखा

रिसोडात जुनं घर घ्यायचं म्हटलं की जो तो आधी वकील गाठायला सांगतो. मी गाठला. त्यानं तीस वर्षांचा सर्च काढला. बँकेचा बोजा नाही, बहिणींचं हक्कसोडपत्र झालेलं, घरपट्टीची पावती चालू सालची. खरेदीखतात ‘निर्वेध, निर्जोखमी व बोजारहित’ असे भारदस्त शब्द पडले आणि मी गार झोपलो. विजेच्या मीटरकडे कोणीच पाहिलं नाही, कारण मीटर जागेवर नव्हतंच. ओसरीच्या भिंतीवर एक चौकोन तेवढा होता, बाकीच्या भिंतीपेक्षा उजळ, वर दोन खिळे. मला वाटलं, इथे देवीचा फोटो असेल. पिंगलाक्षीच्या गावात माणसाला दुसरं काय वाटणार?

घर विकणारे काका मोठे लाघवी. इसाराच्या दिवशी त्यांनी मला धाब्याच्या खोलीत बसवलं. वर सागाच्या कड्या, त्यावर किलचन, त्यावर पांढरी माती. “बापू, मे महिन्यातही या खोलीत पंखा लागत नाही. आमचं सारं आयुष्य एका बल्बावर गेलं.” खरेदीच्या दिवशी दुय्यम निबंधकासमोर अंगठे उमटवून बाहेर आलो, तर त्यांनी मला मिठीच मारली. “तुम्ही मले पोरासारखे!” त्यांच्या डोळ्यांत पाणी, माझ्याही. पैसे तोवर त्यांच्या खात्यात पोचले होते.

नवीन मीटरचा अर्ज घेऊन वीज कंपनीच्या कचेरीत गेलो, तर टेबलावरच्या साहेबांनी कम्प्युटरमध्ये बराच वेळ पाहिलं. “या जागेवर जुनी थकबाकी आहे. चौदा महिन्यांची.”

“जागेवर? जागा कुठं लाइट जाळते?”

हा प्रश्न त्यांना नवा नसावा. शांतपणे म्हणाले, “तुम्ही त्यांचे कोण?”

मिठी ताजी होती. मी भाबडेपणानं बोलून गेलो, “मी त्यांना मुलासारखा.”

साहेबांचा पेन थांबला. “मुलगा असाल, तर वारस म्हणून पूर्ण चौदा महिने. परके असाल, तर जास्तीत जास्त सहा.”

माणुसकीची इतकी रोखठोक किंमत मी आजवर ऐकली नव्हती. आठ महिन्यांच्या बिलासाठी मी तिथल्या तिथे नातं तोडलं. “मुलासारखा म्हणालो साहेब, मुलगा नाही! आडनाव पाहा ना. तोंडओळख आहे नुसती. एका लग्नात भेटलो होतो.” लग्नाचं खोटं होतं, पण पोटतिडकीचं होतं.

नियम त्यांच्या घरचा नव्हता. महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाच्या २००५ च्या पुरवठा संहितेत तो आहे, २०२१ च्या संहितेतही तो राहिला: आधीच्या मालकाचं न भरलेलं बिल जागेला चिकटतं आणि जागेबरोबर नव्या मालकाकडे येतं, मात्र कमाल सहा महिन्यांचं. वारसाला ही सूट नाही. पितृऋणात आयोगानंही हात घातला नाही म्हणायचा. मी एका वकील मित्राला फोन लावला. तो म्हणाला, १९९५ च्या ईशा मार्बल्सच्या निकालात सर्वोच्च न्यायालय खरेदीदाराच्या बाजूनं होतं, तू जरा उशिरा जन्मलास. १९ मे २०२३ ला के. सी. निनान प्रकरणात त्याच न्यायालयानं सांगून टाकलं, की नियमात तशी तरतूद असेल तर जुनी थकबाकी भरल्याशिवाय नवी जोडणी नाही म्हणता येतं. ‘आहे तसं, आहे तिथं’ म्हणून लिलावात कारखाने घेणारे मोठमोठे लोक त्यात गारद झाले होते. माझं तर धाब्याचं घर.

भरायचं ठरलं, तेव्हा बिलांच्या नकला मागून घेतल्या. मीटर काढण्याआधीचे सहा महिने माझ्या वाट्याचे, आणि ते नेमके जानेवारी ते जून. जानेवारीत ४१ युनिट. बरोबर, एक बल्ब. फेब्रुवारीत ४६. मार्चमध्ये ११८. एप्रिलमध्ये २९६. मे महिन्यात ३४२! एका बल्बाला? मग शेजारच्या वहिनींनी सहज सांगितलं, “दोन कूलर होते ना त्यांच्याकडं. एक खोलीत अन् एक म्हशीपाशी.”

म्हशीच्या गारव्याचे पैसे मी तीन हप्त्यांत फेडले. मीटर आलं, त्याच दोन खिळ्यांवर बसलं.

परवा, मे महिन्यात, काका पुण्याहून आले. मुलाकडे राहतात आता. “घर पाहून जातो म्हटलं.” धाब्याच्या खोलीत बसले, कूलरसमोर सदऱ्याची बटणं उघडून. चहा घेतला. छताकडे पाहत म्हणाले, “काय गारवा आहे पाहा! म्हटलं होतं ना बापू?”

मी उठलो आणि कूलर बंद केला.

“काहून बंद केला जी?”

“तुम्हीच म्हणाले होते ना काका, या खोलीत पंखाही लागत नाही.”

ते हसले. दुसरा चहा येईपर्यंत त्यांनी तीनदा कपाळ पुसलं.